दुहेरी कॅनोइंगमध्ये सुकाणू नसताना होडी सरळ कशी जाते? आणि सोलापूरच्या मुलाने हा खेळ धरावा का?

होडी सरळ जाते कारण दोघांपैकी मागे बसलेला माणूस ती सरळ ठेवतो. एवढंच उत्तर आहे, आणि माझ्या आतेभावाला ते अजून पटलेलं नाही. म्हणून पुढचं लिहितोय.

हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेतली कॅनोइंगची फायनल बघून तुमच्या मुलाने हट्ट धरलाय असं तुम्ही लिहिलंय. चांगली गोष्ट आहे. 3 ऑक्टोबर 2023 ला सकाळी अर्जुन सिंग आणि सुनील सिंग सलाम यांनी 1000 मीटर दुहेरीत कांस्य आणलं, 3 मिनिटं 53.329 सेकंदांत. संध्याकाळी पारुल चौधरी आणि अन्नू राणीने सुवर्णं घेतली आणि सकाळचं कांस्य बातम्यांच्या तळाला गेलं. याआधी आशियाई स्पर्धेत याच प्रकारात आपलं पदक होतं ते 1994 चं, हिरोशिमाचं, सिजी सदानंदन आणि जॉनी रोमेल यांचं. मधली 29 वर्षं कोरडी. हांगझोऊची शर्यत मी मोबाईलवर पाच वेळा बघितली. सगळे होडीचं नाक बघतात, मी मागच्याचं मनगट बघत होतो.

लोकांना वाटतं, एक डावीकडून मारतो, एक उजवीकडून, म्हणजे हिशोब फिटला. फिटत नाही. मागच्याचा स्ट्रोक, म्हणजे वल्ह्याचा फटका, होडीच्या शेपटाजवळ पडतो, त्याने नाक जास्त फिरतं. तो उजवीकडून मारत असेल तर होडी डावीकडे जायला बघते. मग दर स्ट्रोकच्या शेवटी, वल्ह्याचं पातं पाण्यातून काढायच्या आधी, ते जरासं वळवून पाणी होडीपासून बाहेर ढकलायचं, की नाक परत सरळ. पाव सेकंदाचं काम. काठावरून दिसतसुद्धा नाही. कयाक या दुसऱ्या प्रकारच्या होडीला निदान पायाशी सुकाणू असतं, वल्ह्याला दोन्हीकडे पाती असतात, बुड टेकून बसता येतं. इथे कॅनोत एक गुडघा, एक पाऊल आणि एक पातं. (आणि कृपा करून दत्तू भोकनळचं उदाहरण देऊ नका. तो रोइंगवाला, तो पाठमोरा जातो. माणूस मोठा, पण खेळ वेगळा.)

आता आमचं. 2008 साल. मी एकोणीसचा, आतेभाऊ वीसचा. सोलापूरच्या पूर्व भागात आमचा चादरींचा कारखाना, सहा माग. पुण्याहून एक जुनी फायबरची कॅनो आम्ही टेम्पोवर टाकून आणली. होडी साडेसहा मीटर, टेम्पो त्याहून बराच आखूड, मागे लोंबणाऱ्या टोकाला आत्याच्या साडीचा लाल तुकडा बांधला होता. टेंभुर्णीला पोलिसाने थांबवलं आणि विचारलं, “हे काय, यात्रेचं आहे का?” आतेभाऊ म्हणाला हो. पोलिसाने हात जोडले आणि सोडलं.

ठेवायला जागा कारखान्यातच, मागांच्या मधल्या बोळात. गुडघ्याखाली घ्यायला गादी नव्हती. वडिलांनी चादरींच्या कटपीसची गुंडाळी शिवून दिली. दिसायला झकास, निळ्या-लाल नक्षीची. पण तिने पाणी प्यायलं की ती विटेसारखी जड व्हायची आणि तिच्या विणीने गुडघ्याचं साल निघायचं. महिनाभर मी जिना एका पायाने चढलो. शेवटी जुन्या लुनाच्या सीटमधला फोम कापून बसवला, तेव्हा कुठे गुडघा भरून आला. तुमच्या मुलाला पहिल्या दिवसापासून नीट गादी घेऊन द्या, बाकी सामान नंतर.

सराव हिप्परग्याला. पहाटे साडेपाचला तुळजापूर रोडने तलावावर, आठला घरी, नऊला कारखान्यात. कोळ्यांच्या जाळ्यांचे थर्माकोलचे तुकडे हीच आमची लेन. एप्रिलमध्ये पाणी इतकं मागे सरकायचं की होडी खांद्यावर घेऊन गुडघाभर चिखलातून चालावं लागायचं. सर आठवड्यातून दोनदा यायचे, स्कूटरवर बसून काठाने शिट्टी मारायचे.

आतेभाऊ पुढे, डावी बाजू. मी मागे, उजवी. पुढचा लय धरतो, मागचा त्याच्यात मिसळतो. मला समोर पाणी दिसत नव्हतं, फक्त त्याची पाठ. त्याच्या उजव्या खवाट्याचं हाड वर आलं की माझं पातं आत. धोट्याच्या आवाजावरून वडील पलीकडच्या खोलीतून सांगायचे की तीन नंबरचा माग अडकणार आहे, तसं मला त्या हाडावरून कळायचं की हा दमलाय का चिडलाय. आमचं ठरलेलं होतं: मिनिटाला 52 स्ट्रोक, शेवटच्या 250 मीटरला त्याने ‘हां’ म्हणायचं, मग वाढवायचं. त्याच्या ‘हां’शिवाय काही बदलायचं नाही. हे आम्ही कारखान्यातल्या फळ्यावर खडूने लिहिलंही होतं.

पुण्यात निवड चाचणी. चार होड्या, उजवीकडून वारा. 600 मीटरपर्यंत आम्ही दुसरे. पहिल्या दोघांत जाणाऱ्यांची नावं पुढे जाणार होती. तेवढ्यात डावीकडची होडी वर आली आणि आमच्या आतेभाऊ साहेबांनी तिरकी नजर टाकून स्ट्रोक वाढवला. ‘हां’ नाही, काही नाही. मला कळलं ते त्याचं हाड माझ्या आधी वर आल्यावर. मी एक स्ट्रोक मागे पडलो. तो भरून काढायचा तर शेवटी पातं वळवायला वेळच नाही. वळवायला थांबावं तर अजून मागे. तीन-चार स्ट्रोक मी नुसते मारले, वळवले नाहीत. नाक डावीकडे गेलं, वाऱ्याने आणखी ढकललं, आणि आम्ही बोयांची रांग ओलांडून शेजारच्या लेनमध्ये. पंचांच्या मोटरबोटीवरचा लाल झेंडा मी आधी बघितला, त्याने नंतर.

अपात्र.

काठावर यायच्या आत निकाल लागला होता: “होडी वळवायचं काम मागच्याचं, म्हणजे चूक मागच्याची.” सर म्हणाले, आतेभाऊ म्हणाला, आत्या म्हणाली. आत्या तर आयुष्यात कधी तलावावर आली नव्हती. दिवाळी असो, गड्ड्याची यात्रा असो, कुणाचं लग्न असो, जेवणाच्या पंगतीत कोणीतरी हमखास विचारणार, “का बे, होडी सरळ चालवायला येते का आता?” आणि हा शेंगाचटणीचं बोट चाटत हसणार.

म्हणून माझं मत स्पष्ट आहे. दुहेरीत मागचा हा ओझं नसतो, पुढच्याला पळायला रस्ता तोच करून देतो. टोकियोची फायनल बघा, 1000 मीटर दुहेरी ऑलिम्पिकमध्ये शेवटची झाली ती. क्युबाच्या टोरेस आणि होर्हेने चीनच्या जोडीला शेवटच्या टप्प्यात गाठून सुमारे दोन दशांश सेकंदाने हरवलं, 3 मिनिटं 24.995. इतक्या वेगात, इतक्या दमलेल्या अंगाने होडी रेषेत ठेवणं काय असतं ते ज्याने मागे बसून केलंय त्यालाच माहीत. पॅरिसला अंतर 500 वर आणलं, चीनच्या लिऊ हाओ आणि जी बोवेनने जिंकलं. 500 मध्ये तर चूक सुधारायला वेळच नसतो.

तुमचा दुसरा प्रश्न. सोलापुरात राहून सुरुवात होईल, पुढे जाता येणार नाही. हिप्परग्याला पाऊस चांगला झाला तर सरळ पाणी मिळतं, उन्हाळ्यात नाही. सिद्धेश्वर तलावाचा विषयच काढू नका. उजनी धरण मोठं, पण मायनसमध्ये गेलं, म्हणजे साठा वापराच्या पातळीखाली उतरला, की काठ कुठे आणि पाणी कुठे. मुलगा खरंच टिकला तर दोन वर्षांनी त्याला पुणे किंवा भोपाळला पाठवायची तयारी ठेवा, खर्च धरून. नोकरी लागते का हे विचारू नका. सैन्य आणि पोलीस दलात या खेळातली मुलं आहेत, पण त्या भरवशावर बारावी बुडवू नका.

एक राहिलंच, आणि ते आधी लिहायला हवं होतं. पोहता येत नसेल तर होडीला हात लावू देऊ नका. येत असेल तरी शिकेपर्यंत लाइफ जॅकेट. मे 2024 मध्ये उजनीत कुगाव-कळाशीच्या मध्ये वादळी वाऱ्यात बोट उलटून सहा जण गेले. वारा सुटला की पाण्यातून बाहेर, सर ओरडले तरी बाहेर.

आणि जोडीदार भाऊबंद नको. परका बघा. परक्याशी भांडण झालं तर होडी वाटून घेता येते. आमची अजून कारखान्यात उलटी पडलीय, आत्या तिच्यावर कुरडया वाळत घालते, ना तो विकू देतो ना मी.

तो हे वाचणार आहे, माझी सगळी उत्तरं वाचतो. तर भावा, गुडघ्याची शपथ घेऊन सांग, 600 च्या बोयाला तू ‘हां’ म्हणाला होतास का?