वाचकांचे प्रश्न : लिहिले ते खरे करणाऱ्या पोथ्या आणि त्यांच्या चोरट्या नकला

प्रश्न : मी दारव्हा तालुक्यातील एका खेड्यात राहतो आणि सध्या एक कादंबरिका लिहीत आहे. गावातील सात-आठ माणसांचे एक गुप्त मंडळ काही पोथ्यांच्या नकला रात्री चोरून करते. या पोथ्यांत जे लिहिलेले असते ते प्रत्यक्षात उतरते, म्हणून त्यांची नक्कल करणे हा गुन्हा ठरवलेला आहे. माझे मित्र म्हणतात की अशी कल्पना परदेशी चित्रपटांतच शोभते, वऱ्हाडच्या मातीत ती रुजणार नाही. आपले मत कळवावे.
— एक वाचक, जि. यवतमाळ

उत्तर : आपल्या मित्रांचे म्हणणे मला मुळीच पटत नाही. हाताने नकललेल्या गुप्त पोथ्यांची परंपरा महाराष्ट्रात सर्वांत समृद्ध कुठे असेल, तर ती आपल्याच भागात आहे. मोर्शी तालुक्यातील रिद्धपूर येथे तेराव्या शतकात म्हाइंभटांनी चक्रधर स्वामींच्या आठवणी गोळा करून लीळाचरित्र सिद्ध केले आणि पुढे महानुभाव पंथाने आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत बांधून ठेवले. सकळ लिपीत एका अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे अक्षर येते. त्यामुळे ज्याला किल्ली ठाऊक नाही त्याच्यापुढे पोथी उघडी पडली तरी ती बंदच राहते. विसाव्या शतकाच्या प्रारंभी इतिहासाचार्य राजवाडे यांनी या लिपीचा उलगडा केला, आणि त्यानंतर आपल्याच यवतमाळचे य. खु. देशपांडे आणि नागपूरचे वि. भि. कोलते यांनी या वाङ्मयासाठी आयुष्य वेचले.

यातली एक गोष्ट आपल्या कथेला फार उपयोगी पडेल असे मला वाटते. परंपरा सांगते की लीळाचरित्राची मूळ प्रत परचक्राच्या धामधुमीत नाहीशी झाली आणि हिराइसा यांच्यासारख्यांच्या स्मरणातून ती पुन्हा उभी करावी लागली. त्यातूनच निरनिराळे पाठ, म्हणजे एकाच ग्रंथाची शब्दांत फरक असलेली रूपे, निर्माण झाले आणि कोणता पाठ खरा, हा प्रश्न अभ्यासकांना आजही सोडवावा लागतो. आता आपल्या मंडळाचा विचार करावा. ज्या ग्रंथात लिहिलेले खरे होते, त्याचे दोन पाठ झाले तर गावही दोन होणार. तेव्हा आपल्या पात्रांना शिपायापेक्षा मोठी भीती पाठभेदाची वाटायला हवी.

दुसरा धागा याहून जवळचा आहे आणि तो प्रत्येक शेतकऱ्याच्या घरात ट्रंकेच्या तळाशी जपून ठेवलेला असतो. सातबाऱ्यावर नाव चढले की माणूस मालक होतो आणि उतरले की तोच माणूस आपल्या बापाच्या शेतात परका ठरतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातील नोंद आणि फेरफार नोंदवहीतील प्रमाणित नोंद, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत किंवा तिच्या जागी नवी नोंद कायदेशीरपणे होईपर्यंत, खरी मानली जाते. लिहिले ते खरे, हे तत्त्व आपण कल्पनेने आणले असे समजत असाल, पण ते आपल्या कायद्यातच आहे. शिवाय ‘नक्कल’ आणि ‘फेरफार’ हे शब्द गावातल्या अडाणी म्हातारीलाही पाठ असतात. आपल्या मंडळाला नवी परिभाषा घडवायची गरजच नाही. माझी सूचना अशी की या पोथ्यांना मंत्रांचे रूप देऊ नये. त्या पटवाऱ्याच्या जुन्या बस्त्यात, म्हणजे कागदांच्या गाठोड्यात, हस्तलिखित चतुःसीमांच्या रूपात सापडाव्यात. पूर्व विदर्भातील माळगुजारी, म्हणजे गावाच्या जमीनदारीची जुनी पद्धत, १९५१ मध्ये संपली, तरी वाजिब-उल-अर्ज नावाच्या कागदांत गावाचे सरपणाचे, चराईचे आणि पाण्याचे हक्क कसे नोंदलेले असत, हे आपण एकदा पाहून घ्यावे. त्या भाषेत गाव जसेच्या तसे बसते.

आता मंडळ प्रत्यक्ष काम कसे करील ते पाहू. धाब्याच्या घरात कंदील, बोरू, आणि काजळी व बाभळीचा डिंक घोटून केलेली शाई, एवढे पुरे. यावर फार पाने खर्च करू नयेत. खरी गंमत नकलेच्या चुकीत आहे. एकच शब्द दोन ओळींत आला की नकलणाऱ्याची नजर पहिल्यावरून दुसऱ्यावर उडी मारते आणि मधली ओळ गळते. समजा, ‘पश्चिमेस पांदण’ ही ओळ अशी गळली. सकाळी बैलबंडी नेहमीच्या वळणाला येऊन थांबते, तर समोर पांदण नाहीच. धुऱ्यापासून धुऱ्यापर्यंत सलग पऱ्हाटी उभी आहे आणि तिथून कधी वाट होती हे नकलणाऱ्याखेरीज कोणालाही आठवत नाही. हे एक दृश्य मला आपल्या पत्रातील सर्व गुप्त बैठकांपेक्षा अधिक मोलाचे वाटते. चूक झाकण्यासाठी जुने लेखक अक्षरावर पिवळा हरताळ लावीत, आणि ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तिथूनच आला. मग आपल्या गावात ज्याच्या नावावर हरताळ लागला, त्याचे काय होईल? ‘ध’चा ‘मा’ केल्याने नारायणराव पेशव्यांचा १७७३ मध्ये घात झाला ही आख्यायिका इतिहासात टिको वा न टिको, एका अक्षराने जीव जातो हे मराठी वाचकाला पटवून द्यावे लागत नाही.

प्रश्न : या कथाबीजाबद्दल मला मित्राकडून समजले. गुप्त लिपीचा संबंध गुन्हेगार मंडळाशी जोडल्यास महानुभाव मंडळींचे मन दुखावणार नाही का?
— एक शिक्षिका, ता. मोर्शी

उत्तर : आपली काळजी रास्त आहे आणि लेखकाने ती अवश्य मनावर घ्यावी. पंथाची लिपी ग्रंथरक्षणासाठी होती. तिच्यात जादू नव्हती आणि गुन्हाही नव्हता. कादंबरिकेत पंथाचे नाव, त्याची लिपी किंवा त्याचे ग्रंथ मंडळाच्या हाती देऊ नयेत. मंडळाची खूण लेखकाने स्वतःची घडवावी, आणि ती मोडीच्या गिचमिडीतून किंवा तलाठी दफ्तरातील संक्षेपांतून सहज घडू शकेल. रिद्धपूरहून घ्यायची ती एवढीच गोष्ट : दुसऱ्याचा शब्द आपल्या हातून बिघडू नये म्हणून रात्ररात्र जागणाऱ्या माणसाची चिंता. ती चिंता आपल्या नकलनवीसात उतरली, तर कोणाही भाविकाला त्यात अनादर दिसणार नाही, असे मला वाटते. दारव्ह्याच्या वाचकांनी पांदण नाहीशी होण्याचे प्रकरण लिहून झाले की आमच्याकडे अवश्य पाठवावे.