आधी ढग बघ

प्रिय मुली,

तुझी वही काल रात्री एका बैठकीत वाचून काढली. ढगात राहणाऱ्या तुझ्या मेघजांची सात घराणी, त्यांचा राजा, सात हजार वर्षांचा इतिहास, ढगातले बुरुज, रंगीत नकाशे. आणि शेवटच्या पानावर पेन्सिलीने बारीक अक्षरात लिहिलेलं, ‘यांना पंख द्यावेत का? की मग परदेशी वाटतील?’ ते वाचून मला राहवलं नाही. पंखांचा प्रश्न मला बाजूलाच ठेवावासा वाटतो. अख्ख्या वहीत तू एकदाही ढग बघितलेला नाहीस, तुझं घोडं तिथे अडलं आहे.

मी तुझ्याएवढी असताना एका दिवाळी अंकात ढगात राहणाऱ्या माणसांची गोष्ट लिहिली होती. नाव झालं. एका शाळेत बोलावलं, आणि तिथे चौथीतल्या एका मुलीने उभं राहून विचारलं, ‘बाई, ती माणसं पाय कुठे ठेवतात?’ मी म्हणाले, ‘अगं, जादू असते ती.’ मुलगी गप खाली बसली आणि तास संपेपर्यंत वहीचा कोपरा दुमडत राहिली. आज मी चौसष्ट वर्षांची आहे. ती मुलगी अजून माझ्यासमोरून हलत नाही. तिने ढग बघितला होता, मी नव्हता. मुलांना खोटं चालतं, आळस चालत नाही.

तेव्हा ऐक. ढगातला थेंब साधारण २० मायक्रॉनचा असतो, केसाच्या जाडीच्या चौथाईएवढा. तो तरंगत नाही, पडतच असतो, पण सेकंदाला जेमतेम एक सेंटिमीटर. खालून वर येणारी हवा त्याला खाली पोचू देत नाही, म्हणून आपल्याला ढग थांबलेला दिसतो. दोन मिलिमीटरचा पावसाचा एक थेंब व्हायला असे सुमारे दहा लाख थेंब एक व्हावे लागतात. आणि एकही थेंब आपोआप जन्मत नाही. त्याला पोटात कण लागतो, धुळीचा, धुराचा, नाहीतर समुद्राच्या मिठाचा. म्हणजे तुझा मेघज जन्माला येताना अरबी समुद्रातल्या मिठाचा एक कण पोटात घेऊन येतो. आयुष्यभर पडत असतो. दुसऱ्याला भेटला की दोघांचा एक होतो. ते लग्न म्हणायचं की मरण, हे तू ठरव. सांग, याला सात घराणी कशाला हवीत?

आधी ढग बघ. प्राणी त्यातून आपोआप येईल.

देशी-परदेशी या काळजीचंही उत्तर तिथेच आहे. सोळाव्या शतकात पॅरासेल्सस या स्विस वैद्याने चार महाभूतांत राहणारे जीव कल्पिले. त्यात हवेतले सिल्फ आले. त्याचा आग्रह असा की माशाला पाणी तसं प्रत्येक जीवाला त्याचं महाभूत; जमिनीतल्या जीवाला खडकातून चालणं म्हणजे आपल्याला हवेतून चालणं. आणि आपल्याकडचे ऋग्वेदातले मरुत बघ. वादळाचे, पावसाचे देव, पृश्नीची मुलं, येतात ते कायम टोळीने. त्यांच्यात कोणी थोरला नाही, कोणी धाकटा नाही, असं सूक्तात स्पष्ट म्हटलं आहे. ज्याने ते रचलं त्याने पाऊस येताना बघितला होता. पावसात पुढारी थेंब कुठला असतो? तुझ्या वहीत मात्र राजा आहे, आणि त्याला मुकुटही आहे.

तू म्हणशील, राजा नाही, खलनायक नाही, मग छापणार कोण? हे मला पुरतं ठाऊक आहे. थेंबांची माझी दुसरी कादंबरी एका प्रकाशकाकडे दोन वर्षं पडून होती. त्यांना एक राजपुत्र आणि एक लढाई हवी होती. मी नाही म्हणाले. हस्तलिखित परत आलं, ते आजही कपाटात आहे. घरचे म्हणतात, हट्टापायी पुस्तक घालवलंस. मी घालवलं नाही. राजपुत्र घातला असता तर त्या चौथीतल्या मुलीला मी दुसऱ्यांदा तेच उत्तर दिलं असतं. एवढं लिहिताना माझा आवाज चढतो आहे, मला कळतं आहे. चढू दे.

तुझे बुरुज मात्र मला मनापासून आवडले, ते टाकू नकोस. फक्त कुठे बांधतेस ते बघ. उन्हातला छोटा कापशी ढग अर्ध्या तासातही विरून जातो, तिथे सात हजार वर्षं कुठून आणशील? पण घाटमाथ्यावरचा ढग दिवसभर एकाच जागी असतो. कोकणातून वर चढणारी हवा माथ्यावर थंड होते, थेंब धरतात. पलीकडे उतरताना हवा तापते, थेंब विरतात. ढग तोच, रहिवासी दर काही मिनिटांनी नवे. तुझा किल्ला असा असू शकतो, त्यातून जाणाऱ्यांनीच क्षणाक्षणाला बांधलेला. या एका गोष्टीवर मी रात्री दीड वाजेपर्यंत जागी होते. किल्ला तुझा आहे, म्हणून चिडचिड होते आहे. तुझ्या हातात हे होतं आणि तू नकाशे रंगवत बसलीस.

जुलैत आंबोलीला जा. घाटात धुकं उतरतं म्हणतात ना, तो ढगच असतो. जुना लोकरीचा स्वेटर घाल, छत्री मिटव आणि दहा मिनिटं एकाच दिशेला तोंड करून हलू नकोस. लोकरीच्या प्रत्येक तंतूवर मोहरीहून बारीक मणी धरतील. वाऱ्याकडच्या बाहीवर दाट, दुसरीवर विरळ. मग एक मणी शेजारच्याला चिकटेल, तो तिसऱ्याला, आणि एकदम ओघळ सुटेल. तो क्षण डोळ्यांनी पकड. ओघळायच्या आधी तो मणी किंचित थरथरतो. तो थरथरतो तेव्हा त्याला काय वाटत असेल, हे एका पानात लिही आणि मला पाठव. नकाशे पाठवू नकोस.

स्वेटर नसेल तर माझा घेऊन जा, राखाडी रंगाचा आहे. कोपरावर उसवलाय, पण लोकर खरी आहे.

तुझी,
मावशी