गाडीत माणसं बसवते अन् उतरवते, पण गाडी काही निघत नाही

"मॅडम, पोट्टी मोबाईल सोडत नाई, त्याचं तं जाऊ द्या, सगळ्याइचेच लेकरं पाह्यतेत. पण हे येगळंच करते. गेममंधी गाडीत बाहुल्या बसवते अन् उतरवते. बसवते अन् उतरवते. घंटा घंटा. गाडी पुढं नेतच नाई. इच्या डोक्यात काई फरक पडला का?"

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका गावचे बाबा हे विचारत होते, मागच्या डिसेंबरात, कापूस वेचणी ऐन जोरात असताना. मी लेकरांसोबत काम करते, आणि हाच प्रश्न थोड्याफार फरकानं मला महिन्यातून दोनतीनदा तरी येतो, कुणाचं लेकरू गेममधे एकच खोली परत परत आवरतं, कुणाचं बाळाला दहा वेळा झोपवतं, आणि आईबाप घाबरतात की हे नॉर्मल आहे की नाही. म्हणून ही केस लिहिते आहे, घरच्यांना विचारून, आणि ओळख पटेल असं सगळं बदलून. मुलीला इथं छकुली म्हणू. वय सात, जिल्हा परिषदेच्या शाळेत दुसरीत.

आधी गेमचं सांगते, कारण बऱ्याच पालकांना त्याच्या आत काय असतं हे माहीतच नसतं. मोबाईलमधलं बाहुलीघर म्हणा. पूर्वी पोरी चिंध्यांच्या बाहुल्या आणि भातुकली मांडायच्या तसंच, फक्त काचेवर. घर असतं, दुकान असतं, शाळा, दवाखाना, सलून. माणसं बोटानं उचलायची आणि पाहिजे तिथं ठेवायची. टोका बोका नावाच्या स्वीडनच्या कंपनीनं असे गेम जगभर पोचवले, त्यांचा टोका लाइफ वर्ल्ड 2018 साली आला, आणि आता त्याच धर्तीचे कितीतरी आहेत, छकुलीकडे त्यातलाच एक होता. यात मार्क नसतात, लेव्हल नसते, हरणं जिंकणं नसतं. आणि गाड्या असतात. बाहुली उचलून सीटवर सोडली की ती बसते, डिक्कीत सामान ठेवता येतं, मग गाडी घेऊन दुसऱ्या जागी जायचं, जे बसलेत ते सोबत येतात. बस एवढंच.

माझी पहिली चूक इथंच झाली. बाबांनी सांगितलं की पोरगी रोज तीन-तीन तास मोबाईलवर असते, आणि मी तेवढंच धरून बसले. भारतीय बालरोगतज्ञांच्या संघटनेच्या सूचना आहेत की पाच ते दहा वर्षांच्या मुलांचा स्क्रीन दिवसाला दोन तासांच्या आतच पाहिजे, आणि तोही अभ्यास, खेळ, झोप सांभाळून. ते सांगितलं, वेळ ठरवून दिली, मोबाईल कुठं ठेवायचा ते सांगितलं, आठ दिवसांनी या म्हटलं. ती काय खेळते हे मी पाहिलंच नाही.

आठ दिवसांनी आले तेव्हा बाबा अजून घाबरलेले. म्हणाले, "मोबाईल तं आलमारीत ठेवला मॅडम, कुलूप लावून. तं आता आगपेटीच्या डब्यात तुरीचे दाणे बसवते. चार बसवते अन् काढते. चार बसवते अन् काढते."

हे ऐकल्यावर मला कळलं की आपण चुकीच्या दारावर बसलोय. मोबाईल काढून घेतला तरी खेळ तोच राहिला, म्हणजे तो खेळ मोबाईलनं दिलेला नाही, तो पोरीचा स्वतःचा आहे. मी त्यांना म्हटलं मोबाईल द्या तिच्याकडे, आणि खाली चटईवर तिच्या बाजूला जाऊन बसले.

लहान मुलांसोबत काम करणाऱ्यांना ही पद्धत नवी नाही. लंडनमधे मार्गारेट लोवेनफेल्ड नावाच्या डॉक्टर होत्या, त्यांनी 1929 च्या सुमारास मुलांपुढं वाळूचा ट्रे आणि छोटी घरं, माणसं, जनावरं, गाड्या ठेवायला सुरुवात केली, आणि मुलं जे मांडायची त्याला मुलंच 'जग' म्हणायची. आपल्याकडे गावात असा ट्रे कुठून आणायचा. पण लेकराच्या हातात बाहुलीघर होतंच, मीच आधी ते बघायला हवं होतं.

"हे कोण?" मी विचारलं.

"हे आजी. हे आई. हे बाबा. हे मी." लाल रंगाची, वरून उघडी गाडी. चार सीटं. तिनं चौघांना बसवलं, आईला समोर. मग एक पाचवी बाहुली उचलली, केस सोडलेली, आणि गाडीवर सोडली. ती बाहुली सीटवर बसलीच नाही, घसरून चाकापाशी उभी राहिली.

"पाह्यलं? नाई बसत," छकुली म्हणाली. परत सोडली. परत चाकापाशी. तिच्या चेहऱ्यावर मी जे पाहिलं ते अजून आठवतं, तिला बरं वाटत होतं. मग सगळ्यांना उतरवलं आणि पहिल्यापासून सुरू.

"गाडी जात काऊन नाई मग?"

"मोजून राह्यली ना मी."

"आई वेचाले जाते त्या गाडीत किती जणी बसतेत?"

तिनं दोन्ही हातांची बोटं उघडली. मिटली. परत उघडली. मग म्हणाली, "लय. कोणी मोजतच नाई."

मागं बसलेल्या आईनं डावा हात पदराखाली घेतला. मी वळून पाहिलं आणि तेव्हा पहिल्यांदा विचारलं, ताई, हाताला काय झालं होतं.

मग सगळं निघालं. ऑक्टोबरात, पहिल्या वेच्याच्या वेळी, बावीस बाया एका मालवाहू गाडीत उभ्यानं जात होत्या, रपट्याच्या उतारावर गाडी पलटी झाली. कोणाचा जीव गेला नाही, पण हिचं मनगट मोडलं, दीड महिना प्लास्टर. गावात त्यावर चार दिवस बोलणं झालं आणि संपलं. प्लास्टर निघालं, पऱ्हाटी फुटून पांढरी झाली होती, किलोवर मजुरी, घरात बसून भागणार नव्हतं, आई परत त्याच गाडीत चढायला लागली. आणि छकुलीचा हा खेळ सुरू कधी झाला? त्याच आठवड्यात. अपघातानंतर लगेच नाही, आई परत गाडीत चढली तेव्हा. दीड महिना आई घरात होती म्हणून पोरगी शांत होती, आणि घरच्यांना वाटलं ती विसरली.

"तिनं तं एक शब्द इचारला नाई मॅडम कधी," आई म्हणाली. "मी रोज जातो वेचाले, तं दारात उभी राह्यते, बस."

मला वाटतं हे प्रत्येक पालकानं ऐकावं, की लेकरू विचारत नाही म्हणजे त्याला काही वाटत नाही असं नसतं. सात वर्षाच्या पोरीला "मला भीती वाटते की तू पडशील" हे वाक्य जमत नाही, जमलं तरी ती म्हणत नाही कारण तिला दिसतं की आईला जावंच लागतं. मग ती अशी गाडी शोधते जिच्यात सीटापेक्षा जास्त माणूस बसूच शकत नाही. गेम बनवणाऱ्यानं ते काही तिच्यासाठी केलं नव्हतं, एका सीटवर एक बाहुली एवढा साधा नियम, पण त्या पोरीसाठी जगात तेवढीच एक गाडी होती जिच्यात कोणी कोंबलं जात नव्हतं.

असा एकच एक खेळ किती दिवस चालू द्यायचा हा प्रश्न मात्र खरा आहे. अमेरिकेत कॅलिफोर्नियात चौचिला नावाच्या गावी 1976 साली शाळेची बस पळवून 26 मुलांना जमिनीत पुरलेल्या ट्रकच्या डब्यात कोंडलं होतं, सगळी वाचली. लेनोर टेर या डॉक्टर नंतर त्यातल्या बऱ्याच मुलांना भेटल्या, आणि त्यांना दिसलं की काही मुलं तेच तेच खेळत राहतात आणि त्या खेळानं त्यांना मोकळं वाटत नाही, भीती तशीच राहते. म्हणून मी खेळ किती वेळ चालला त्यापेक्षा तो बदलतो का हे जास्त पाहते. रोज थोडा सरकत असेल, नवीन माणूस येत असेल, शेवट वेगळा होत असेल, तर लेकरू स्वतःच वाट काढतंय. तिथंच अडकलं असेल तर मोठ्या माणसानं शेजारी जाऊन बसायला पाहिजे.

बाबांना मी ते काम दिलं. संध्याकाळी वीस मिनिटं, रोज, तिच्या बाजूला. प्रश्न विचारायचे नाहीत, शिकवायचं नाही, गाडी पुढं ने म्हणायचं नाही, फक्त दिसतं ते बोलायचं, म्हणजे "आई समोर बसली", "आजी मागं बसली", एवढंच. बाबांना पहिले दोन दिवस फार अवघड गेलं, वावरातून थकून आलेला माणूस, आणि बाहुल्यांशी काय बोलायचं. पण ते बसले, आणि मला त्या माणसाचं फार कौतुक आहे.

आईला सांगितलं, "काई होत नाई" हे वाक्य बंद. झालं होतं, पोरीनं पाहिलं होतं, तिला ते खोटं आहे हे कळतं. त्याऐवजी म्हणायचं, "तू मोजते ते बरोबर हाय." आणि रोज निघताना सांगायचं आज कोणाच्या वावरात, कोण कोण सोबत, परत कधी, आणि पोचल्यावर शेजारच्या काकूच्या मोबाईलवर एक फोन.

पण एवढ्यानं माझं मन भरत नव्हतं. पोरीची भीती खोटी असती तर ती काढणं माझं काम होतं, पण तिची भीती खरी होती. मालवाहू गाडीत माणसं कोंबून नेणं कायद्यातही बसत नाही, आणि ज्या कारणानं लेकरू घाबरलंय ते कारण रोज सकाळी सात वाजता दारापुढं येऊन हॉर्न वाजवत असताना मी तिला धीट कसं करू? हे मी आईला स्पष्ट बोलले. ती आधी गप्प बसली. मग म्हणाली, "मी एकटी काय बोलू, मुकडदम म्हनन नको येऊ." दुसऱ्या वेळी आली तेव्हा तिनं चारपाच जणींशी बोललेलं होतं, त्यातल्या दोघी त्याच दिवशी पडलेल्या. मुकडदमानं डिझेलचा हिशोब सांगून आधी नाही म्हटलं. शेवटी दोन खेपा ठरल्या, पहिली साडेसहाला, दुसरी त्यानंतर, आणि जवळच्या वावराला काहीजणी पायीच जायला लागल्या. बावीसच्या जागी अकरा-बारा, खाली बसून. गाडी तीच आहे आणि ते मला अजूनही पटत नाही, पण बायांनी स्वतः भांडून एवढं मिळवलं.

दहाव्या दिवशी बाबांचा फोन आला, आवाज चढलेला, "मॅडम, गेली! गाडी गेली!" बाजारात नेली म्हणे, आईनं पिशवी घेतली, परत घरी आणून सोडली. त्यानंतर आठेक दिवस जाणं-येणं, जाणं-येणं, आणि मग एक दिवस गाडी तशीच उभी, पोरगी सलूनमधे आजीचे केस निळे करत बसलेली. मोबाईलचा वेळ आपोआप तासाभरावर आला.

ज्यांच्या घरी असंच काही चालू आहे त्यांना एवढंच सांगेन की आधी बाजूला बसून बघा, मग मोबाईल कमी करा, आणि कमी करताना हिसकावू नका, पाच मिनिटं आधी सांगा की ही शेवटची फेरी. नवीन घर, नवीन गाडी विकत घेण्याचं बटण असतं त्याला पासवर्ड लावून ठेवा. व्यसन लागलं असं लगेच म्हणू नका, जागतिक आरोग्य संघटनेनं गेमिंगच्या आजाराची जी व्याख्या केली आहे त्यात ताबा सुटणं, बाकी सगळं मागं पडणं आणि नुकसान दिसूनही चालूच राहणं, हे साधारण 12 महिने दिसावं लागतं. पण लेकरू रात्री दचकून उठत असेल, बंद झालेलं अंथरूण ओलं करणं परत सुरू झालं असेल, शाळेत जायलाच नाही म्हणत असेल आणि हे महिनाभर सरकत नसेल, तर वाट पाहू नका, जिल्हा रुग्णालयात दाखवा. तेवढं लांब जाणं जमत नसेल तर टेलिमानसचा 14416 हा सरकारी नंबर आहे, फुकट, दिवसरात्र, मराठीतही बोलतात.

शेवटच्या भेटीला फेब्रुवारीत मायलेकी दोघीच आल्या होत्या. मी त्यांना सोडायला फाट्यापर्यंत गेले. गावाकडे जाणारा ऑटो उभा होता, मागं पाच, समोर ड्रायव्हरच्या दोन्ही बाजूला एकेक, आणि तो म्हणत होता या ना ताई, होते जागा, सरका जरा. छकुलीनं बोट दाखवत एकेक माणूस मोजला, मोठ्यानं.

"आई, दुसऱ्यानं जाऊ."

ड्रायव्हर हसला. आईनं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा उन्हाकडे, आणि हातातली पिशवी खाली बाकावर ठेवली. ऑटो गेला. पुढचा यायला चाळीस मिनिटं लागली.