चित्रकला चांगली असेल तर प्रॉडक्शन डिझायनर होता येतं का?

तुम्ही विचारलंय की चित्रकला चांगली आहे, तेवढ्यावर सिनेमाचं प्रॉडक्शन डिझाइन जमेल का, आणि प्रॉडक्शन डिझायनरचं काम नेमकं काय असतं. मी आर्ट डिपार्टमेंटमध्येच, म्हणजे सिनेमाचे सेट उभारणाऱ्या विभागात, काम करतो. चित्रकला कामी येतेच, पण त्याआधी पटकथा वाचता यायला हवी.

पहिल्यांदा ती नुसती वाचायची. दुसऱ्यांदा पेन घेऊन बसायचं: प्रसंग घरातला की बाहेरचा, दिवसाचा की रात्रीचा, कोण कशाला हात लावतं, काय फुटतं, काय जळतं. हा झाला ब्रेकडाऊन. खरी मजा त्यानंतर, या खोलीत राहतं कोण हे शोधण्यात. समजा, एकटे राहणारे आजोबा आहेत. जुनं फर्निचर आणून ठेवलं म्हणून खोली त्यांची होत नाही. स्विचबोर्डभोवती बोटांचा काळपटपणा हवा, रोजच्या खुर्चीमागे भिंतीवर डोक्याच्या तेलाचा डाग हवा, काढून टाकलेल्या तसबिरीच्या जागी रंग न उडालेला चौकोन हवा. ती तसबीर कुणाची होती हे पटकथेत नसलं तरी मी ठरवतो आणि नटाला सांगतो. हे सगळं कोऱ्या प्लायवर चांगला रंगारी उभं करतो, आणि ते बघत राहावंसं वाटतं.

सेट शेवटी कॅमेऱ्यासाठी असतो. कुठली भिंत काढता यायला हवी, खिडकीतून उजेड कुठून येणार, हे छायाचित्रणकाराबरोबर बसून आधीच ठरवावं लागतं. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी (१९५६) कला दिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारलं. अंगणात आभाळाचा मऊ उजेड हवा, म्हणून छायाचित्रणकार सुब्रत मित्र यांनी वर पांढरं कापड ताणून त्यावर दिवे मारले आणि परतलेल्या प्रकाशात चित्रण केलं. सेट आणि प्रकाश यांची अशी जोडी जमली की बघणाऱ्याला स्टुडिओ आठवतही नाही.

चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही, हेही ध्यानात ठेवा. घर आधी नांदतं आणि मग उजाड होणार असेल, तर कुठली अवस्था कधी शूट होणार यावर सेटचं सगळं वेळापत्रक ठरतं.

मोठ्या सिनेमात डिझायनरच्या हाताखाली आर्ट डायरेक्टर (सेट बांधून घेणारा), सेट डेकोरेटर (सेट सजवणारा), प्रॉपवाले (नट हाताळतात त्या वस्तू सांभाळणारे) असतात. छोट्या सिनेमात ही कामं दोघा-तिघांतच वाटली जातात. ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे पद रूढ झालं ते ‘गॉन विथ द विंड’ (१९३९) या सिनेमातल्या विल्यम कॅमेरॉन मेन्झीस यांच्या कामापासून. या क्षेत्रात वास्तुकला, रंगभूमी, इंटिरिअर अशा कुठूनही माणसं येतात. जेम्स बाँडपटांचे प्रॉडक्शन डिझायनर केन अ‍ॅडम वास्तुकला शिकलेले होते.

तुम्ही आत्ता एवढं करा: एखादी कथा निवडून तिच्यातली एकच खोली डिझाइन करा. सुंदर स्केचसोबत मापांसकट आराखडाही काढा, कारण सुतार त्यावरच काम करतो. कुठली वस्तू का ठेवली, हे दोन ओळींत लिहा. हे घेऊन एखाद्या आर्ट डायरेक्टरकडे सहायकाचं काम मागा. सुरुवातीला मापं घेणं, सामान आणणं आणि कंटिन्युइटीचे (पुढच्या शॉटला सगळं आधीसारखंच दिसावं म्हणून) फोटो काढणं एवढंच वाट्याला येईल, पण सेट कसा उभा राहतो हे तिथेच कळतं.