वाचकांचे प्रश्न : शाहू महाराजांचा पन्नास टक्क्यांचा हुकूम

प्रश्न : १९०२ च्या हुकमाने करवीर म्हणजे कोल्हापूर संस्थानातल्या निम्म्या नोकऱ्या मागासलेल्यांना मिळाल्या, असं जयंतीच्या भाषणांत दरवर्षी ऐकतो. मग कामावर असलेल्यांना काढलं का? आणि मागासलेले म्हणजे नेमके कोण? (एक वाचक, सांगली)

उत्तर : काढलं कोणालाच नाही. २६ जुलै १९०२ चा हुकूम पुढे रिकाम्या होणाऱ्या जागांपुरता होता. त्यातल्या ५० टक्के मागासलेल्या वर्गातून भरायच्या. ज्या कचेरीत या वर्गाचे लोक निम्म्याहून कमी असतील, तिथली पुढची नेमणूक त्यांच्यातूनच करायची. महाराज तेव्हा सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणासाठी विलायतेत होते.

मागासलेले कोण, याची यादी हुकमात नाही. वगळायचे कोण, ते आहे : ब्राह्मण, प्रभू, शेणवी, पारशी आणि इतर पुढारलेले वर्ग. उरलेले सगळे मागासलेले. त्यामुळे मराठा, जैन, लिंगायत, मुसलमान, महार एकाच गटात आले. आजच्या प्रवर्गांचा चष्मा लावून हा हुकूम वाचला की घोटाळा होतो तो इथेच. शिवाय अस्पृश्यांसाठी त्यात वेगळा हिस्सा नव्हता, ही उणीवच म्हणायची.

भाषणांत न येणारं एक कलम मात्र आम्हाला सर्वांत मोलाचं वाटतं. हुकमानंतर केलेल्या नेमणुकांचा तक्ता प्रत्येक खातेप्रमुखाने दर तिमाहीला पाठवायचा होता. जाब विचारण्याची ही सोय नसती, तर हुकूम दप्तरात पडून राहिला असता.

तरी जागा राखून शिकलेला उमेदवार कुठून आणायचा? खेड्यातल्या मुलाची कोल्हापुरात राहण्या-जेवण्याची सोय नसे. सर्वांसाठी एकच वसतिगृह काढून पाहिलं, पण तिथे ब्राह्मण विद्यार्थीच टिकले. म्हणून १९०१ मध्ये व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग, मग जैन, मुसलमान यांची बोर्डिंगं आणि १९०८ मध्ये अस्पृश्यांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग निघालं. जातवार बोर्डिंगांवर आज नाक मुरडणं सोपं आहे. प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत करणारा कायदा १९१७ चा. मुलाला शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला महिन्याला १ रुपया दंड होता.

प्रश्न : साताऱ्याचे शाहू आणि हे एकच का? आणि जयंती २६ जूनला की २६ जुलैला? (एक विद्यार्थिनी, बेळगाव)

उत्तर : एक नव्हेत. साताऱ्याचे शाहू हे संभाजीराजांचे चिरंजीव. त्यांचं निधन १७४९ चं. कोल्हापूरचे शाहू म्हणजे कागलच्या घाटगे घराण्यातले यशवंतराव. १७ मार्च १८८४ रोजी ते दत्तक आले आणि २ एप्रिल १८९४ रोजी त्यांनी राज्यकारभार हाती घेतला. जयंती २६ जूनला. २६ जुलै ही वरच्या हुकमाची तारीख.