तो ३ दरवेळी आकडा नसतो

दादा, तुमचा 'एल ७एसाब ५अलास, ता३आला एल सा३आ ३' वाला मेसेज वाचला आणि शारजातलं माझं पहिलं वर्षच आठवलं. ही अरबीच आहे, फक्त मोबाइलवर इंग्रजी अक्षरांत लिहिलेली, आणि इंग्रजीत नसलेल्या आवाजांसाठी आकडे वापरलेली. यातली नेमकी वेळ कुठली असं तुम्ही विचारलंय, तर वेळ फक्त शेवटचा ३, बाकीचे आकडे म्हणजे अक्षरं. हिशेब झाला, तीन वाजता या, एवढंच म्हटलंय मेसेज पाठवणाऱ्याने.

माझं याच ३ ने नुकसान केलं. टायपिंग सेंटरवरच्या (सरकारी अर्ज भरून देणारं दुकान) इजिप्शियन माणसाने रविवारी संध्याकाळी व्हिसाच्या कागदांसाठी मेसेज टाकला, 'ता३आला बी३डी बीकेआरए'. बुकरा म्हणजे उद्या हे माहीत होतं, आणि 'बी३डी' मधला ३डी मी तीन दिवस धरला. म्हणजे उद्यापासून तीन दिवसांनी, गुरुवारी. खात्री करायला एका भाषांतराच्या ऑफिसात गेलो, तर काउंटरवरच्याने फोनकडे धड बघितलंही नाही, म्हणे हे अरबी नाही, अरबी लिपीतला कागद आणा. अरे बाबा, मोठ्याने वाचलं असतंस तर अर्ध्या मिनिटात कळलं असतं! ती अक्षरं स्वर भरून वाचली की होतं 'बा३द बुकरा', म्हणजे परवा. मंगळवारी जायचं होतं, मी गेलो गुरुवारी, मुदत उलटून गेली, दंड माझ्या पगारातून कापला गेला. अजून राग येतो त्या ऑफिसचा.

म्हणून सांगतो, डोळ्यांनी वाचू नका, तोंडाने वाचा. स्वर बऱ्याचदा गाळलेले असतात ते आपणच भरायचे. ३ म्हणजे अरबीतलं ऐन हे अक्षर (ते आरशात बघितल्यावर ३ सारखंच दिसतं), ७ म्हणजे घशातला ह, ५ म्हणजे ख, ६ म्हणजे जाड त. मग ७इसाब हिशेब निघतो, ६अलब तलब, तारी५ तारीख, अर्धे शब्द आपल्या घरचेच आहेत. २ म्हणजे आवाज मध्येच तोडायचा, इजिप्तवाले 'वा२त' लिहितात तो आपला वखत. ९ मात्र माणूस कुठला ते बघून वाचा, गल्फमध्ये तो जाड स असतो आणि मोरोक्कोवाल्याचा क.

हे माझं ऐकून-चुकून आलेलं ज्ञान आहे, मी भाषांतरकार नाही. गप्पांना पुरेल, पण पैसे, पासपोर्ट, व्हिसा असला विषय असेल तर समोरच्याकडून सरळ व्हॉइस नोट मागवा, कोणी नाही म्हणत नाही. आणि हो, पगाराचं विचारल्यावर उत्तरात नुसतं 'आयएसए' आलं तर ते कोणाचं नाव नाही, इन्शाल्लाह आहे, म्हणजे तारीख अजून मिळालेली नाही, परत विचारा.