किल्लारी भूकंपाचं यूट्यूबवरचं फुटेज 'सौजन्य' लिहून माहितीपटात वापरलं तर चालेल का?

नाही चालत. सौजन्य लिहिलं म्हणजे परवानगी मिळाली असं होत नाही. माहितीपटांसाठी जुनं फुटेज शोधायचं आणि त्याचे हक्क मिळवायचं काम मी लातुरात राहून करतो, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

आपल्या कायद्यात चित्रफितीचा कॉपीराइट, ती प्रसिद्ध झाली त्याच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षं टिकतो. भूकंप 30 सप्टेंबर 1993चा. त्या वर्षी दाखवलेलं फुटेज 2053 संपेपर्यंत कुणाच्या तरी मालकीचं आहे, आणि यूट्यूबवर चढवणारा क्वचितच तो मालक असतो.

सरकारी चित्रीकरणासाठी प्रसार भारतीच्या (म्हणजे दूरदर्शनच्या) संग्रहाकडे आणि एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे अर्ज करा; सरकारी माहितीपट बनवणारी फिल्म्स डिव्हिजन आता एनएफडीसीतच आहे. अर्जात गाव, तारीख आणि नेमकं दृश्य लिहा. आधी वॉटरमार्क आणि टाइमकोड (पडद्यावर दिसणारी वेळेची नोंद) असलेली प्रत मागा, एडिट तिच्यावरच करा आणि कट पक्का झाला की मगच मास्टरचे, म्हणजे वॉटरमार्क नसलेल्या चांगल्या प्रतीचे पैसे भरा. महोत्सव, टीव्ही, ओटीटी यांचे दर वेगवेगळे असतात.

पण सगळ्यात मोलाचं फुटेज आपल्याच भागात, लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांच्या कपाटात आहे. भूकंपाच्या आदल्या रात्री गणपती विसर्जन होतं. उमरग्याच्या एका स्टुडिओत मी मिरवणुकीची व्हीएचएस कॅसेट पाहिली. गुलाल, हलगी, ओट्यावर बसलेल्या बाया आणि मागं दगडमातीच्या भिंतींवरची जड माळवदं, म्हणजे मातीची सपाट छपरं. पहाटे 3:56ला माणसं ज्यांच्याखाली गाडली गेली, तीच ही माळवदं. कोसळल्यानंतरचं फुटेज पुष्कळ मिळेल, पण गाव उभं असतानाचं फार थोडं उरलंय.

अशी कॅसेट सापडली तर लगेच व्हीसीआरमध्ये घालू नका. टेपवर पांढरी बुरशी असेल तर आधी जाणकाराकडून साफ करून घ्या, मग डिजिटल करा.

आता हक्काचं. कॅसेट स्टुडिओकडे असली तरी वेगळा करार नसेल तर कायद्यानं पहिला मालक पैसे देऊन शूटिंग करवून घेणारा, म्हणजे ते गणेश मंडळ. स्टुडिओवाल्यानं "न्या की, काही हरकत नाही" म्हटलं तरी ते पुरत नाही. मंडळाच्या त्या वेळच्या जबाबदार माणसांची परवानगीपत्रावर सही घ्या, स्टुडिओचं ना-हरकत पत्रही सोबत लावा. परवानगीपत्रात मुदत आणि प्रदेश लिहाच. मुदत लिहिली नाही तर कायदा 5 वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. उद्या बाहेरच्या महोत्सवात फिल्म लागली की तिथंच अडकाल.

आणि ज्यांचे चेहरे ओळखू येतात त्यांच्या घरच्यांना ते दृश्य आधी दाखवा, मग विचारा. कायदा हे मागत नाही, मी मागतो. गावं नव्या जागी वसली असली तरी जुन्या गावाचं नाव आणि आडनाव सांगितलं की ग्रामपंचायतीत घर दाखवणारं कुणीतरी भेटतंच. कुणी नको म्हणालं तर ते दृश्य काढून टाका.